न्यू जर्सीत नोकरी गेली, आता अनएम्प्लॉयमेंटचा क्लेम कसा करायचा?

लेऑफची बातमी आली की आपल्या लोकांच्या घरात पहिली चर्चा व्हिसाची होते, दुसरी घराच्या हप्त्याची. अनएम्प्लॉयमेंटचा, म्हणजे बेकारी विम्याचा, विषय निघायला दोन-तीन आठवडे सहज जातात. निघाला तरी ‘एवढ्यात कशाला, मिळेल की दुसरी’ म्हणून तो बाजूला पडतो. त्यामागे पुष्कळदा संकोच असतो: सरकारकडून पैसे घ्यायचे म्हणजे हात पसरल्यासारखं वाटतं. एम्प्लॉयमेंट एक्स्चेंजात नाव घालून वर्षानुवर्षं कॉलची वाट पाहिलेली पिढी ज्यांच्या घरात आहे, त्यांना सरकारी कचेरीकडून काही मिळेल यावर विश्वासही पटकन बसत नाही.

तेव्हा आधी एक काम करा. शेवटची पे-स्लिप काढा आणि कपातींच्या रकान्यात ‘एनजे यूआय’ किंवा ‘यूआय/डब्ल्यूएफ/एसडब्ल्यूएफ’ अशी ओळ शोधा. ती तुमच्या बेकारी विम्याची वर्गणी. बहुतेक राज्यांत हा विमा फक्त मालक भरतो. कामगाराच्या पगारातूनही पैसे कापणारी राज्यं तीनच आहेत, अलास्का, पेनसिल्व्हेनिया आणि न्यू जर्सी. २०२५ साली न्यू जर्सीत हा दर ०.४२५ टक्के होता, पहिल्या ४३,३०० डॉलर पगारावर. म्हणजे बऱ्यापैकी पगार असलेल्या माणसाने वर्षाला १८४ डॉलर भरलेलेच असतात, आणि मालकाने त्याहून बरेच जास्त. गाडीला अपघात झाल्यावर इन्शुरन्स कंपनीला फोन करताना कोणी लाजत नाही, तसंच हे. शिवाय इथे घरचं उत्पन्न बघत नाहीत. नवऱ्याची नोकरी उत्तम चालू असली तरी बायकोची नोकरी गेली की तिचा क्लेम तिचा.

हा लेख न्यू जर्सीपुरता आहे, कारण नियम प्रत्येक राज्याचे वेगळे आहेत आणि फरक थोडाथोडका नाही. फ्लोरिडात आठवड्याला जास्तीत जास्त २७५ डॉलर मिळतात. कॅलिफोर्नियात ४५० डॉलरची मर्यादा २००५ पासून हललेली नाही. न्यू जर्सीत २०२५ साली ती ८७५ डॉलर होती आणि दर जानेवारीत ती नव्याने ठरते. कामाची पद्धत मात्र सगळीकडे साधारण सारखीच आहे.

क्लेम कुठल्या राज्यात करायचा

राहता कुठे यावर नाही, काम कुठे करत होता यावर ठरतं. जर्सी सिटीत राहून रोज पाथ ट्रेनने मॅनहॅटनला जाणाऱ्याचा क्लेम न्यूयॉर्कमध्ये होतो. पेनसिल्व्हेनियात राहून प्रिन्स्टनला नोकरी करणाऱ्याचा न्यू जर्सीत. घरून काम करणाऱ्यांचा इथे गोंधळ होतो. कंपनी कॅलिफोर्नियाची, मॅनेजर टेक्सासचा आणि तुम्ही एडिसनच्या घरात लॅपटॉप उघडून बसलेले, तर तुम्ही काम न्यू जर्सीत करत होता. खात्री करायला पुन्हा तीच पे-स्लिप: कपात ‘एनजे यूआय’ आहे की ‘एनवाय एसडीआय’ (न्यूयॉर्कच्या अपंगत्व विम्याची कपात), ते पाहा. गेल्या दीड वर्षात दोन राज्यांत काम झालं असेल तर दोन्हीकडचा पगार एकत्र धरून क्लेम करता येतो. फॉर्ममध्ये दोन्ही नोकऱ्या मात्र नीट लिहाव्या लागतात.

न्यूयॉर्ककडे जाणाऱ्यांसाठी दोनच गोष्टी सांगतो. तिथे पहिला आठवडा बिनपैशांचा, ‘वेटिंग वीक’ म्हणून जातो. आणि ऑक्टोबर २०२५ पासून तिथली कमाल रक्कम ५०४ वरून ८६९ डॉलर झाली आहे, त्यामुळे ‘न्यूयॉर्कमध्ये काही मिळत नाही’ हे जुनं ऐकीव ज्ञान आता सोडून द्या.

कोणाला मिळतो, कोणाला नाही

ग्रीन कार्डवाले आणि नागरिक यांना इमिग्रेशनचा काही अडसर नाही. वेअरहाऊसमध्ये किंवा ओक ट्री रोडवरच्या दुकानात काम करणाऱ्या, साठी ओलांडलेल्या ग्रीन कार्डधारक आईवडिलांनाही हा हक्क आहे. वय आड येत नाही, पगार चेकने आणि कपातीसकट मिळत असला पाहिजे. एच-४ वरच्या (एच-१बीवाल्यांच्या जोडीदारांचा व्हिसा), वर्क परमिटवर नोकरी करणाऱ्यांनाही मिळू शकतो. ग्रीन कार्डचा अर्ज प्रलंबित आहे आणि त्यावर ईएडी (वर्क परमिटचं कार्ड) आहे, अशांनाही.

ईएडीवाल्यांनी कार्डावरची तारीख डोळ्यात तेल घालून पाहावी. ज्या आठवड्यात काम करायची परवानगी नाही त्या आठवड्याचे पैसे मिळत नाहीत. ३० ऑक्टोबर २०२५ पासून दाखल केलेल्या नूतनीकरणाच्या बहुतेक अर्जांना पूर्वीसारखी आपोआप मुदतवाढ मिळत नाही, त्यामुळे नोकरी नसतानाही नूतनीकरणाचा अर्ज वेळेत गेलाच पाहिजे.

एच-१बीचं मात्र स्पष्ट सांगायला हवं. वर्गणी तुमचीही कापली गेली, तरी क्लेम बहुधा मंजूर होत नाही. कारण नियमाची मुख्य अट अशी की माणूस काम करायला सक्षम आणि मोकळा हवा, आज कोणी काम दिलं तर उद्या कायदेशीररीत्या हजर होता आलं पाहिजे. एच-१बी मालकाशी बांधलेला असतो, नवा मालक पिटिशन भरेपर्यंत तुम्ही तसे मोकळे नसता. हा अन्याय आहे असं माझं मत आहे, पण मताने चेक येत नाही. तुमचं खरं घड्याळ म्हणजे नोकरी गेल्यावर देशात राहायला मिळणारा ६० दिवसांचा ग्रेस पीरियड, आणि तोही आय-९४ (देशात राहण्याच्या मुदतीची नोंद) आधी संपत असेल तर तेवढाच. तो साधारणपणे ज्या दिवसापर्यंत पगार मिळाला त्या दिवसापासून मोजतात. ते दिवस नव्या मालकाकडे व्हिसा ट्रान्सफर करण्यासाठी वापरा. व्हिसाची मुदत संपण्याआधी मालकाने काढून टाकलं आणि तुम्ही भारतात परतणार असाल, तर परतीच्या प्रवासाचा वाजवी खर्च देणं मालकावर बंधनकारक आहे. कंपन्या हे आपणहून सांगत नाहीत, मागावं लागतं.

विद्यार्थी व्हिसाच्या ओपीटीवर (शिक्षणाला जोडून मिळणारी कामाची परवानगी) असलेल्यांच्या पगारावर पुष्कळदा हा विमा लागूच नसतो. त्यांनी बेकारीचे ९० दिवस (स्टेम एक्स्टेन्शन असेल तर एकूण १५०) मोजत राहणं जास्त गरजेचं.

एक भीती सारखी ऐकू येते: अनएम्प्लॉयमेंट घेतलं तर ग्रीन कार्डाला ‘पब्लिक चार्ज’, म्हणजे सरकारी मदतीवर जगणारा माणूस, म्हणून अडचण येईल का? हा कमावलेला विमा आहे, गरिबीवर दिलेली मदत नव्हे, म्हणून पब्लिक चार्जच्या हिशेबात तो धरला जात नाही. तुमच्या केसमध्ये आणखी गुंतागुंत असेल तर वकिलाला विचारा, पण केवळ या भीतीने हक्क सोडू नका.

आता कन्सल्टिंगवाले. डब्ल्यू-२ वर, म्हणजे कपातीसकट पगार घेणारा कर्मचारी म्हणून, तासाच्या दराने काम करत होता आणि प्रोजेक्ट संपला, तर ते ‘काम संपलं’ या सदरात येतं, क्लेम करा. १०९९ वर, म्हणजे स्वतंत्र कंत्राटदार असाल तर सहसा नाही. स्वतःची कॉर्पोरेशन काढून कॉर्प-टू-कॉर्प काम करणाऱ्यांनी जरा थांबून वाचा: न्यू जर्सीच्या कायद्यात स्वतःच्या कॉर्पोरेशनचा पदाधिकारी असलेला किंवा तिच्यात ५ टक्क्यांहून जास्त हिस्सा असलेला माणूस त्या कंपनीतल्या पगारावर ‘बेकार’ ठरत नाही. टॅक्सच्या सोयीसाठी बायकोला कागदोपत्री व्हाइस प्रेसिडेंट केलेलं असतं. ती त्याच कंपनीतून पगार घेत असेल तर तिलाही हे लागू होतं.

किती मिळेल

आधी ‘बेस इयर’. म्हणजे क्लेमच्या आधी पूर्ण झालेल्या शेवटच्या पाच तिमाह्यांपैकी पहिल्या चार. एप्रिल ते जून २०२६ मध्ये क्लेम केला तर जानेवारी ते डिसेंबर २०२५ हा काळ धरला जाईल. मार्चमध्येच केला तर ऑक्टोबर २०२४ ते सप्टेंबर २०२५. नुकतीच नोकरी धरलेल्यांना या हिशेबात पगार कमी दिसतो. त्यांच्यासाठी अलीकडच्या तिमाह्या धरणारं पर्यायी बेस इयर आहे.

त्या वर्षात किमान २० आठवडे ठरावीक रकमेवर कमाई हवी, २०२५ च्या क्लेमसाठी ती आठवड्याला ३०३ डॉलर होती, किंवा मग सगळी मिळून १५,२०० डॉलर. सरासरी आठवडी पगाराच्या ६० टक्के रक्कम मिळते, कमाल मर्यादेपर्यंत. आठवड्याला सरासरी ९०० डॉलर मिळवणाऱ्याला ५४० मिळतील. २,००० मिळवणाऱ्याला हिशेबाने १,२०० यायला हवेत, पण हातात मर्यादेइतकेच पडतील.

मुलं असतील तर ते फॉर्ममध्ये जरूर भरा. पहिल्या अवलंबितासाठी ७ टक्के आणि पुढच्या दोघांसाठी ४-४ टक्के वाढ मिळते. वरच्या ५४० डॉलरवाल्याला दोन मुलं असतील तर ते जवळपास ६०० होतात. मात्र एकूण रक्कम कमाल मर्यादेच्या वर जात नाही, त्यामुळे आयटीतल्या बहुतेकांना याचा फायदा नाही. स्टोअर, वेअरहाऊस, डे-केअरमध्ये काम करणाऱ्यांना आहे, आणि नेमके तेच हा रकाना रिकामा सोडतात.

आठवडे जास्तीत जास्त २६. पण बेस इयरमध्ये कामाचे आठवडे २२ असतील तर पैसेही २२ आठवड्यांचेच.

क्लेम भरण्याआधी

कंपनीने जाताना बीसी-१० नावाचा फॉर्म द्यायला हवा. त्यावर मालकाचं नाव, पत्ता, ओळख क्रमांक आणि नोकरीच्या तारखा असतात. न मिळाल्यास एचआरला मागा, न मिळाला म्हणून थांबू मात्र नका. याशिवाय सोशल सिक्युरिटी नंबर, ग्रीन कार्ड किंवा ईएडी (त्यावरचा ‘ए-नंबर’ लागतो, कारण राज्य तो केंद्राच्या सेव्ह यंत्रणेतून पडताळून घेतं), गेल्या अठरा महिन्यांतल्या प्रत्येक मालकाचं नाव-पत्ता-फोन, पहिला आणि शेवटचा दिवस, आणि बँकेचा राउटिंग व खाते क्रमांक. मालकाचं नाव पे-स्लिपवर आहे तसंच लिहा. दुकानाच्या पाटीवर एक नाव आणि पे-स्लिपवर ‘अमुकतमुक एलएलसी’ असं असतं, आपण पाटीवरचं लिहितो आणि मग पगाराची नोंद सापडत नाही.

कागद जमवण्यापेक्षाही महत्त्वाचं म्हणजे सही कशावर करता आहात ते. ‘तुम्हीच राजीनामा द्या, रेकॉर्ड स्वच्छ राहील’ असं एचआर गोड आवाजात सांगतं. काढलं तर विमा मिळतो. कामाशी संबंधित सबळ कारणाशिवाय स्वतःहून सोडलं तर न्यू जर्सीत पुन्हा किमान आठ आठवडे नोकरी करून आठवडी रकमेच्या दसपट कमाई होईपर्यंत विमा बंद. हे ‘स्वच्छ रेकॉर्ड’ फार महागात पडू शकतं. गैरवर्तनाचा ठपका ठेवून काढलं तरी सगळं संपत नाही. साध्या गैरवर्तनाला काढलेला आठवडा आणि पुढचे पाच आठवडे पैसे थांबतात, मग सुरू होतात.

सेव्हरन्स (नोकरी जाताना कंपनी देते ती रक्कम) मिळणार म्हणून ती संपेपर्यंत क्लेम पुढे ढकलायचा, हा सर्रास दिसणारा प्रकार. न्यू जर्सीत एकरकमी सेव्हरन्समुळे सहसा क्लेम अडत नाही. मात्र नोटिशीऐवजी दिलेला पगार, किंवा नोकरीवर असल्यासारखा पुढे चालू ठेवलेला पगार असेल तर त्या काळाचे पैसे मिळत नाहीत. कराराच्या कागदावर नेमकं काय लिहिलंय ते वाचा, फॉर्ममध्ये खरं खरं लिहा, निर्णय त्यांना करू द्या. मोठ्या कंपनीने एकदम माणसं कमी केली असतील तर एप्रिल २०२३ पासून लागू झालेला राज्याचा वॉर्न कायदाही माहीत असू द्या. शंभर किंवा जास्त माणसं असलेल्या कंपनीने राज्यातली पन्नास किंवा जास्त माणसं काढली तर ९० दिवसांची नोटीस आणि नोकरीच्या प्रत्येक वर्षाला एक आठवड्याचा पगार द्यावाच लागतो.

क्लेम भरताना

नोकरी गेली त्याच आठवड्यात भरा. या सगळ्या लेखातलं एकच वाक्य लक्षात ठेवायचं असेल तर हे ठेवा. क्लेमची तारीख तुम्ही अर्ज केलात त्या आठवड्याच्या रविवारची धरली जाते. मागची तारीख लावून घ्यायला सबळ कारण लागतं, आणि ‘मला माहीत नव्हतं’ हे त्यांच्या दृष्टीने सबळ कारण नाही. उशिराचा प्रत्येक आठवडा कमाल मर्यादेइतक्या रकमेचा असू शकतो.

अर्ज ऑनलाइन: मायअनएम्प्लॉयमेंट डॉट एनजे डॉट जीओव्ही. पत्ता स्वतः टाइप करा. गूगलमध्ये शोधलं तर वर पैसे मागणाऱ्या साइट्स दिसतात. क्लेम फुकट असतो, शेवटी ‘जीओव्ही’ नसेल तर बाहेर पडा. ओळख पटवायला आयडी.मी वापरतात: लायसन्सचा किंवा पासपोर्टचा फोटो आणि मोबाइलवर चेहऱ्याचा सेल्फी. आईबाबांचा क्लेम असेल तर हे दिवसाउजेडी, खिडकीपाशी बसून करा, आणि लायसन्सवरचं नाव व सोशल सिक्युरिटीवरचं नाव जुळतंय ना ते आधी बघा. वडिलांचं नाव मधे घालायची आपली पद्धत इथे नेमकी नडते. एका कार्डावर ते मधलं नाव असतं, दुसऱ्यावर आडनावाला चिकटलेलं.

नोकरी का गेली या प्रश्नाला, कंपनीने काम नाही म्हणून काढलं असेल, तर ‘लॅक ऑफ वर्क’ किंवा ‘लेड ऑफ’ निवडा. खुलासा लिहायची जागा असली तरी तिथे मॅनेजरच्या तक्रारी लिहू नयेत. ‘पोझिशन एलिमिनेटेड’ एवढं पुरतं. तुमचं उत्तर मालकाकडे जातं, त्याने वेगळं सांगितलं की पैसे थांबतात आणि चौकशी लागते.

पैसे थेट बँकेत घ्या. टॅक्सचा प्रश्नही येथेच विचारतात, त्याबद्दल शेवटी लिहिलं आहे. सगळं झालं की कन्फर्मेशनचा स्क्रीनशॉट काढून ठेवा.

नंतर पोस्टाने एक कागद येतो, त्यावर बेस इयरचा पगार आणि मंजूर रक्कम असते. तो उघडून आकडे तपासा. एखादी तिमाही कोरी असेल किंवा एखादा मालक गायब असेल, तर पे-स्लिप आणि डब्ल्यू-२ पाठवून दुरुस्ती मागा. लेऑफनंतर भाडं वाचवायला घर बदलणारे पुष्कळ असतात. पत्ता बदलला तर पोस्टाबरोबर राज्याच्या कामगार विभागालाही कळवा, कारण अपिलाच्या मुदती पत्र रवाना झाल्यापासून सुरू होतात.

दर आठवड्याचं सर्टिफिकेशन

क्लेम मंजूर झाला म्हणजे पैसे आपोआप येत नाहीत. रविवार ते शनिवार असा आठवडा संपला की प्रश्नांची उत्तरं देऊन त्या आठवड्याचे पैसे मागावे लागतात. क्लेम अजून ‘पेंडिंग’ असला तरी सर्टिफाय करत राहायचं. न केलेले आठवडे नंतर मिळवणं जिकिरीचं होतं.

प्रश्न दिसायला सोपे असतात. तुम्ही काम करायला सक्षम आणि उपलब्ध होता का? काम शोधलं का? आलेलं काम नाकारलं का? शाळेत, ट्रेनिंगला जाता का? काही काम केलं का? गडबडीत एका प्रश्नाला हो-नाही उलटं पडलं की संगणक पैसे रोखतो आणि मग माणसाशी बोलल्याशिवाय गाठ सुटत नाही. त्यामुळे फोनवर, ट्रेनमध्ये, घाईत हे करू नका.

‘काही काम केलं का’ यात छोटी कामंही येतात. दिवाळीच्या फराळाच्या ऑर्डरी, शनिवारची गणिताची शिकवणी, घरची भरतनाट्यमची शिकवणी, उबर. रक्कम कपातीआधीची लिहायची, आणि ती ज्या आठवड्यात काम केलं त्या आठवड्यात, पैसे हातात आले त्या आठवड्यात नाही. थोडी कमाई सांगितली म्हणून क्लेम बंद पडत नाही, रक्कम कमी होते इतकंच. न सांगितली तर मात्र ते फसवणुकीत जातं. नवी नोकरी लागली की कामाच्या पहिल्या दिवसापासून सांगा, पहिला चेक दोन आठवड्यांनी येणार असला तरी. नवा मालक तुमचं नाव सरकारी नोंदीत कळवतोच, आणि दोन्ही याद्या संगणक जुळवून बघतो.

आता आपल्या लोकांचा खास विषय, भारतवारी. नोकरी गेली, सुट्टी मोकळी मिळाली, आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशनही राहिलंय, चला पुण्याला महिनाभर जाऊन येऊ. जरूर जा. पण भारतात असताना तुम्ही न्यू जर्सीत कामासाठी उपलब्ध नसता, तेव्हा त्या आठवड्यांचे पैसे मागायचे नाहीत. भारतातून लॉगिन केलं तर कुठून केलं ते कळतं. ‘पासवर्ड देऊन ठेवलाय, हा दर रविवारी करेल’ ही युक्ती तर त्याहून वाईट, कारण आता तिथे दोघांनी मिळून खोटं सांगितलेलं असतं. न्यू जर्सीत फसवणूक सिद्ध झाली तर घेतलेले पैसे परत, वर २५ टक्के दंड आणि वर्षभर अपात्रता. ग्रीन कार्ड किंवा नागरिकत्वाच्या अर्जाच्या तोंडावर असला शेरा कोणाला हवाय? आणि गंमत अशी की खोटं बोलायची गरजच नसते. तुमची शिल्लक रक्कम क्लेमच्या तारखेपासून वर्षभर राहते. जाण्याआधी सर्टिफाय करणं थांबवा, परत आल्यावर क्लेम पुन्हा उघडा, उरलेले आठवडे तिथून पुढे.

काम शोधल्याची नोंद वहीत किंवा एक्सेलमध्ये ठेवा: तारीख, कंपनी, पद, अर्ज कसा केला, पुढे काय झालं. आठवड्याला किमान तीन नोंदी असाव्यात. लिंक्डइनवर नुसतं प्रोफाइल बदललं हे पुरत नाही. वन-स्टॉप करिअर सेंटरमधून (नोकरी शोधायला मदत करणारं सरकारी केंद्र) मुलाखतीचं बोलावणं आलं तर ते टाळू नका, न गेल्यास पैसे थांबतात.

कचेरीशी संपर्क

फोन लागत नाही ही तक्रार खरी आहे. नंबर प्रदेशाप्रमाणे आहेत आणि विभागाच्या साइटवर मिळतात. सोमवारी आणि सुट्टीनंतरच्या दिवशी फोन करण्यात अर्थ नसतो. गुरुवार-शुक्रवार त्यातल्या त्यात बरे, आणि लाइन उघडायच्या मिनिटालाच लावा. फोनआधी समोर कागद ठेवा: क्लेमची तारीख, अडकलेल्या आठवड्यांच्या तारखा आणि एका वाक्यातला प्रश्न. ‘माझे पैसे का आले नाहीत’ याऐवजी ‘अमुक तारखेला संपलेल्या आठवड्याचं सर्टिफिकेशन केलंय, पेमेंट दिसत नाही, कशामुळे होल्ड आहे?’ असं विचारलं की समोरचा माणूस लगेच नेमक्या स्क्रीनवर जातो. फोन ठेवण्याआधी त्याचं नाव आणि पुढे काय होणार ते लिहून घ्या. इंग्रजी जड जात असेल तर दुभाषा फुकट मिळतो, फोन उचलल्याबरोबर मागा. मराठीचा मिळाला नाही तर हिंदीचा.

मालकाचं म्हणणं वेगळं असेल तर परीक्षक फोनवर चौकशी करतो, त्याची तारीख-वेळ आधी कळवतात. त्या दिवशी अनोळखी नंबर उचला. स्पॅम समजून फोन कापला तर निर्णय तुमच्या म्हणण्याशिवाय होतो. ही चौकशी साधारण अशी चालते:

‘मालक म्हणतो तुम्ही येणं बंद केलंत.’

‘नाही. १४ तारखेला मॅनेजरने टेक्स्ट केला की पुढच्या आठवड्यापासून शिफ्ट नाहीत. तो टेक्स्ट माझ्याकडे आहे.’

एवढंच. तारीख, कोण, काय म्हणालं, पुरावा. दुकानातलं राजकारण सांगायला गेलात तर मुद्दा हरवतो.

महिना उलटून गेला, फोनही लागत नाही, तर आमदाराच्या कार्यालयात जा. न्यू जर्सीत ४० मतदारसंघ आहेत, प्रत्येकाला एक सिनेटर आणि दोन असेंब्ली सदस्य. मतदारसंघातल्या लोकांची अशी अडलेली कामं पाहणारी माणसं त्यांच्याकडे असतात, आणि करोनाच्या काळात त्यांनी हेच काम ढिगाने केलं. तुम्ही नागरिक नसलात तरी त्या मतदारसंघात राहता हे पुरतं. नाव, पत्ता, क्लेमची तारीख आणि अडचण एवढं ईमेलने पाठवा. सोशल सिक्युरिटी नंबर ईमेलमध्ये पूर्ण लिहू नका, लागला तर ते फोनवर विचारतील.

नाही म्हणाले तर

नकाराचं पत्र आलं की त्यावरची रवानगीची तारीख बघा. तिथून २१ दिवसांत अपील करायचं, ऑनलाइनही होतं. पूर्वी ही मुदत याहून बरीच कमी होती, त्यामुळे जुन्या ओळखीच्यांचा सल्ला घेऊ नका. अपिलाची सुनावणी बहुधा फोनवर होते आणि मालकही लाइनवर असतो. कागद आधी पाठवलेले असावे लागतात. साक्षीदार असेल तर तो त्या वेळी फोनवर हजर हवा, त्याची चिठ्ठी फारशी चालत नाही. पहिल्या पायरीवर हरलात तर पुढे बोर्ड ऑफ रिव्ह्यू, त्यानंतर कोर्ट. उत्पन्न कमी असेल तर लीगल सर्व्हिसेस ऑफ न्यू जर्सीकडून फुकट कायदेशीर मदत मिळू शकते. आणि अपील चालू असतानाही दर आठवड्याला सर्टिफाय करत राहा. जिंकलात तर पैसे सर्टिफाय केलेल्या आठवड्यांचेच मिळतात.

आरोग्य विमा आणि टॅक्स

नोकरीबरोबर आरोग्य विमाही जातो. कोब्रा (जुन्या नोकरीचाच विमा स्वखर्चाने चालू ठेवायची सोय) घ्यायचा की नाही हे ठरवायला ६० दिवस असतात, पण त्यात मालकाचा वाटाही तुम्हीच भरायचा असतो, म्हणून आकडा पाहून छाती दडपते. गेट कव्हर्ड न्यू जर्सी या राज्याच्या आरोग्य विम्याच्या साइटवर त्याच ६० दिवसांत नवी योजना घेता येते. अनएम्प्लॉयमेंटची रक्कम उत्पन्नात धरूनही सबसिडी बसते का, ते आधी तिथे तपासा.

ही रक्कम न्यू जर्सीच्या राज्य करातून मुक्त आहे, केंद्राच्या नाही. क्लेम भरतानाच १० टक्के कापून घ्या असं सांगता येतं. जोडीदाराचा पगार चांगला असेल तर ते जरूर सांगा, आणि तरीही १० टक्के कमी पडतील हे धरून थोडे वेगळे काढून ठेवा. जानेवारीत, वर्षभरात मिळालेली रक्कम दाखवणारा १०९९-जी फॉर्म साइटवरून उतरवून घ्यायचा असतो, पोस्टाची वाट पाहू नका. लेऑफ नोव्हेंबरात झाला आणि पैसे पुढच्या वर्षात आले, तर ते त्या पुढच्या वर्षाच्या रिटर्नमध्ये जातात.